विजय चौकातलं गाऱ्हाणं

आबा माणसांशी बोलताना अडखळत, देवाशी बोलताना मात्र कधी नाही. बाजारात उभं राहून त्यांनी 'मि... मि...' म्हणायला सुरुवात केली की दुकानदार अंदाजाने मीठ बांधून पुढे करायचा, आणि आबांना बहुतेक वेळा मिरची हवी असायची. ते मीठ ते मुकाट्याने घरी न्यायचे. त्यांच्या घरी मिठाची बरणी कधी रिकामी नसे, असं माझी आई म्हणायची. पण हाच माणूस रवळनाथाच्या देवळात उभा राहिला, उपरणं कमरेला आवळून त्याने हात जोडले आणि 'बा देवा म्हाराजा' म्हटलं, की पुढचा पाव तास शब्द कुठे अडायचा नाही की मागे फिरायचा नाही. मासे विकणारी कुशी त्यांना तोंडावर सांगायची, "आबानू, बाजारातय गाऱ्हाणाच घालीत जावा. माका बेगीन समाजतला." आबा हसायचे. त्यांना राग येत नसे. राग येऊन उपयोग काय, तो बोलून दाखवायचा कसा?

आमच्याकडचं गाऱ्हाणं ज्यांनी ऐकलं आहे त्यांना मी वेगळं सांगायला नको. वर्षाच्या जत्रेला, घरभरणीला, लग्न ठरताना, होडी पाण्यात ढकलताना, गावाच्या वतीने एकजण देवापुढे उभा राहतो आणि सगळ्यांची सुखदुःखं त्याच्या कानावर घालतो. प्रत्येक मागणी संपली की मागे उभे असलेले सगळे एका आवाजात 'व्हय म्हाराजा' म्हणतात. मागे कोणी 'व्हय' म्हणणारा नसेल तर ते गाऱ्हाणं नव्हे, नुसती बडबड. वालावलच्या खाडीपलीकडे आमचं गाव, आणि गावात गाऱ्हाणं घालायचा मान आबांच्या घराण्याचा. त्यांच्या बापाचा आवाज म्हणे फार मोठा होता. आबांच्या आवाजाला मोठेपणा नव्हता, पण आर्जव होतं. त्यांनी मागितलं म्हणजे द्यायला हवं, असं ऐकणाऱ्याला वाटे. देवाला काय वाटायचं ते देव जाणे. आज मला त्याविषयी फारसं चांगलं बोलता येत नाही.

जत्रेच्या आधी चार दिवस ते घरोघर जायचे. ओटीवर बसून, अडखळत, ज्याला त्याला विचारायचे, "त... तुझा काय सांगू?" मग माणूस आपलं सांगायचा. कोणाची म्हैस आटलेली, कोणाचा मुलगा मुंबईला जाऊन पत्र टाकत नाही, कोणाच्या सुनेला दिवस राहत नाहीत. आबा ऐकून घ्यायचे आणि देवासमोर जसंच्या तसं मांडायचे. कोणी म्हणालं, 'आबा, भावाशी भांडण झालं ते सांगू नका, नुसतं बरकत दे म्हणा,' तर ते मान हलवायचे. "देवाक गुळमुळीत सांगा नये. तो काय खुळो नाय." यामुळे जत्रेला निम्म्या गावाचे चेहरे पडलेले असायचे, पण आपलं गाऱ्हाणं दुसऱ्याने घालावं असं कोणालाही वाटत नसे.

त्यांचा आणखी एक नेम होता. गाभाऱ्याचं दार बंद असेल तर ते गाऱ्हाणं घालत नसत. गुरव जेवायला गेला असेल तर त्याची वाट पाहत बसायचे. मी एकदा विचारलं, "आबा, देव काय दाराच्या आडसून ऐकणा नाय?" त्यावर ते बराच वेळ जीभ जुळवत राहिले आणि म्हणाले, "जेका सांगतंस, तेचा त... तोंड समोर व्हया. पाटसून बोलला तर ती चाडी जाता." मी तेव्हा कॉलेजात शिकून दीडशहाणा झालो होतो, म्हणून हसलो. पुढे दिल्लीला केंद्र सरकारच्या कचेरीत कारकून झालो आणि आमचा सगळा कारभार पाठीमागून बोलण्यावर चालतो हे पाहिलं, तेव्हा हसू आपोआप ओसरलं.

आबांना एकच मुलगा, दिगंबर. आम्ही त्याला दिगू म्हणायचो. माझ्याहून दोन-तीन वर्षांनी मोठा. बापाचा अडखळणारा स्वभाव त्याच्याकडे अजिबात आला नव्हता. उलट तो एवढा बोलायचा की आबांच्या वाटणीचंही तोच बोलून टाकतो, असं गाव म्हणे. जत्रेत त्याचं 'व्हय म्हाराजा' सगळ्यांच्या वर ऐकू यायचं. चोपन्न साली त्याचं लग्न झालं. जामसंड्याची मुलगी, सुलोचना. आम्हा बरोबरीच्यांची सुलूवहिनी. तिला गाणं येत होतं आणि दिगूला ते सगळ्यांना सांगायचं वेड होतं.

पंचावन्नच्या पावसाळ्यात गोव्याच्या हद्दीवर सत्याग्रही जमू लागले. आमच्या बाजूच्या वाटा त्यांनी भरून गेल्या. दिगूला कोणी बोलवायला आलं नव्हतं. तोच गेला. जाताना आबा ओटीवर बसले होते. त्यांना पुष्कळ काही बोलायचं होतं हे दिसत होतं, पण 'दि... दि...' च्या पुढे शब्द येईना. दिगू म्हणाला, "आबा, येतंय तेवा सांगा." आणि गेला.

हद्दीपलीकडे गोळीबार झाला. परत आलेल्यांपैकी एकाने सांगितलं, दिगूला बांधून मोटारीत घालताना मी पाहिला. दुसऱ्याने सांगितलं, ओढ्याकाठी पडलेला पाहिला, पण पाऊस इतका की चेहरा नीट दिसला नाही. मेलेल्यांची नावं कळली, त्यात दिगू नव्हता. पकडलेल्यांची नावं कळली, त्यात दिगू नव्हता. आबा सावंतवाडीपासून रत्नागिरीपर्यंत ज्याच्या त्याच्या दारात जाऊन आले. सगळे हळहळले. हळहळण्यापलीकडे कोणाच्या हातात काही नव्हतं. दोन वर्षांनी पोर्तुगीजांनी आपल्याकडचे कैदी सोडले. त्या वेळी आबा हद्दीवर जाऊन उभे राहिले. सुटून आलेल्यांच्या गळ्यात हार पडत होते आणि आबा प्रत्येकाच्या तोंडाकडे पाहत होते. शेवटचा माणूस येऊन गेल्यावरही ते वाटेकडे पाहत उभे होते. शेवटी पोलिसांनी अडथळा ओढून घेतला.

या सगळ्यात सुलूवहिनीचं काय झालं ते पुरुषांना फार उशिरा कळलं. बायकांना लगेच कळलं होतं. संक्रांतीचं हळदीकुंकू आलं. तिला बोलवायचं की नाही? बोलावलं तर अपशकून, आणि न बोलावलं तर जिवंत माणसाला मारल्यासारखं. माझी आई मनाचा धडा करून तिला बोलवायला गेली. सुलूवहिनी चुलीपुढे बसून म्हणाली, "काकी, माका बोलवचा काय नाय तां तुमी ठरवा. मी कोण तां माकाच ठावक नाय." आईनेच हे मला सांगितलं. जामसंड्याहून वडील न्यायला आले तर सुलूवहिनी गेली नाही. आधी कोणीतरी सांगू दे, म्हणाली. रोज सकाळी अंघोळ झाली की ती आरशापुढे कुंकवाचा करंडा घेऊन उभी राहायची आणि कुंकू लावताना तिचा हात थांबायचा. आबा हे माजघराच्या दारातून पाहायचे. मुलगा गेला असेल तर ते दुःख त्यांनी सोसलं असतं. हे रोजचं थांबणं त्यांना सोसवेना.

गावाने म्हटलं, रवळनाथाला कौल लावा. आमच्याकडे देवाच्या अंगाला फूल लावतात आणि विचारतात. उजवीकडचं पडलं तर हो, डावीकडचं पडलं तर नाही. आबांनी कौल लावायला नकार दिला. देवावरचा विश्वास उडाला म्हणून नव्हे. त्यांचं म्हणणं वेगळं होतं आणि ते फक्त आमच्या भागातल्या माणसालाच सुचेल. "रवळनाथाची सत्ता य... येशीपर्यंत. दिगू येस ओलांडून गेलो, तो देशाच्या कामाक. थंय रवळनाथ काय करतलो? तेचो म्हाराज वेगळो." गावाच्या देवाचा अधिकार गावाच्या शिवेपर्यंत, शिवेबाहेरचं त्याला विचारून अवघडवू नये, ही आमच्याकडची जुनी समजूत. आबांनी ती फक्त पुढे नेली. देशाचं काम, तर विचारायचं देशाच्या म्हाराजाला. तो बसतो दिल्लीला. आणि दिल्लीला गावचा माणूस आहेच.

असे सत्तावन्नच्या थंडीत आबा माझ्याकडे आले. मालवणहून बोटीने मुंबई आणि मुंबईहून आगगाडीने दिल्ली. अंगात सुती कोट, पायात चपला, डोक्याला मफलर आणि हातात गोणपाटाची पिशवी. पिशवीत चार शहाळी असावीत असं मला वाटलं. निघाला एकच नारळ, शेंडी राखलेला, देवापुढे ठेवण्याजोगा. बाकी माझ्यासाठी उकड्या तांदळांची पुरचुंडी आणि आईने दिलेली कोकमं. माझ्या एका खोलीच्या बिऱ्हाडात त्यांनी भिंतीला टेकून बसत पहिलंच विचारलं, "म्हाराज किती व... वाजता भेटता?"

मी त्यांना समजावलं. म्हटलं, इथे असा एक कोणी बसत नाही. निरनिराळी खाती असतात. त्यांनी ऐकून घेतलं. मग मी ओळखीपाळखी लावून एका साहेबांची भेट मिळवली. माणूस सज्जन होता, हे मला आवर्जून सांगायला हवं. त्यांनी आबांना खुर्ची दिली, चहा मागवला आणि हिंदीत विचारलं, "कहिए." आबा उठून उभे राहिले. 'म... म... माज...' त्यांच्या कपाळावर घाम आला. मानेच्या शिरा ताठ झाल्या. साहेबांनी नजर खाली वळवली. तीही सज्जनपणानेच, पण आबांना ती दिसली. मग सगळं मीच सांगितलं. साहेब म्हणाले, पोर्तुगालशी आपले संबंध तुटलेले आहेत, जे विचारायचं ते तिसऱ्या देशामार्फत विचारावं लागतं, तसं आम्ही विचारलं आहे, उत्तर आलं की कळवू. खरं तेच त्यांनी सांगितलं. अशा माणसावर रागावताही येत नाही. आम्ही जिना उतरलो.

खाली आल्यावर आबा म्हणाले, "तेणां माझा ऐकाक नाय. तुझा ऐकल्यान." मी म्हटलं, एकच ते. "एक कसा? झील माझो." मुलगा त्यांचा होता, हे खरंच. आणि थोडं पुढे गेल्यावर, "माका म... माणसांशी बोलूक येणा नाय बाबल. म्हाराजाशी येता. म्हाराजाच्या दारात तरी व्हर माका."

म्हणून मी त्यांना विजय चौकात घेऊन गेलो. ज्यांनी तो पाहिला नसेल त्यांच्यासाठी सांगतो. टेकडीवर राष्ट्रपतींचा वाडा, त्याचा घुमट. तिथून खाली उतरणाऱ्या रस्त्याच्या दोन्ही अंगांना तांबड्या-पिवळट दगडांच्या दोन प्रचंड कचेऱ्या. उतार संपतो तिथे हा मोकळा चौक. बाजूला कारंजी, जवळच संसदेची गोल इमारत आणि समोर इंडिया गेटपर्यंत नीट गेलेला राजपथ. विलायती सरकारने स्वतःचा दरारा दाखवायला ही जागा बांधली आणि आपण ती आपल्या नावाने वापरायला घेतली. याच चौकात मी स्वातंत्र्यानंतरच्या मिरवणुकांत पोरासारखा ओरडलो आहे. रोज सायकलवरून तो ओलांडून कामाला जायचो, तेव्हा आपण एका मोठ्या गोष्टीचा लहानसा खिळा आहोत, असं मला वाटायचं. बरं वाटायचं.

आबांनी सगळं निरखून पाहिलं. घुमट, दोन्ही कचेऱ्या, मधला चढ. त्यांच्या नजरेला ते लगेच ओळखीचं झालं. "देवूळ दांडगा आसा," ते म्हणाले. "गाभारो वयर. दार उघडा आसा मा?" मी टेकडीकडे पाहिलं. फाटक उघडं होतं की नाही, एवढ्या लांबून कळत नव्हतं. मी म्हटलं, "आसा, आबा."

त्यांनी चपला काढल्या. मफलर सोडून कमरेला आवळला. पिशवीतला नारळ काढून फरसबंदीवर शेंडी वर करून ठेवला. आणि मला म्हणाले, "तू माझ्या मागे रव." तोवर कचेऱ्या सुटायची वेळ झाली होती. चढावरून सायकलींचा लोंढा उतरू लागला होता. हजारो कारकून, डोक्याला मफलर, पुढच्या दांडीला जेवणाचा डबा. त्या लोंढ्याकडे तोंड करून, हात जोडून, आबांनी सुरुवात केली. शब्द अडला नाही.

"बा म्हाराजा, दिल्लीच्या तक्तार बसलल्या म्हाराजा..."

"व्हय म्हाराजा," मी म्हटलं.

"तुझा नाव माका ठावक नाय, तुझा रूप माका ठावक नाय. तरी पन रवळनाथाच्या गावचो एक माणूस आज तुझ्या दारात येवन उभो रवलो आसा."

"व्हय म्हाराजा."

"माझो एकुलतो झील दिगंबर, तुझ्या नावाचो जयजयकार करीत येस ओलांडून गेलो, तो परत येवक नाय. तेची बायल कपाळाक हात लावन थांबलेली आसा. तां कुकू ठेवचा काय पुसचा, ह्या तिका कोण सांगणा नाय."

"व्हय म्हाराजा."

"माका मान नको, माका हार नको. जितो आसात तर जितो म्हण, नसात तर तसा म्हण. जितो असलो तर उजवी दी, नसलो तर डावी दी. पन मुको मात्र रवा नको रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा," मी म्हटलं. जेवढा आवाज होता तेवढा सगळा लावून म्हटलं. लाज वाटली नाही. त्या मोकळ्या जागेत तो पोहोचला किती, ते मला माहीत नाही. गावात तीनशे माणसं म्हणतात तेव्हा देवळाची कौलं थरथरतात. इथे एका कारकुनाचा एक 'व्हय' होता. दोघे-तिघे सायकलस्वार वळून पाहून पुढे गेले. पहाऱ्यावरचा पोलीस जवळ आला. त्याने आबांचे जोडलेले हात पाहिले, नारळ पाहिला. "बाबाजी, यहाँ नारियल मत फोड़ना," तो हळू आवाजात म्हणाला. मी म्हटलं, फोडणार नाहीत.

आणि मग आबा कौलाची वाट पाहत उभे राहिले. फूल कुठे लावणार? त्यांनी ठरवलं होतं, टेकडीवरून निशाण लावलेली गाडी उतरेल, ती चौकात येऊन जिकडे वळेल तो कौल. उजवी म्हणजे देवाची उजवी, आपली नव्हे, हेही त्यांनी मला समजावलं. सायकली धरायच्या नाहीत, त्या फार झाल्या. मी त्यांच्या शेजारी उभा होतो आणि, खोटं कशाला सांगू, मीही टेकडीकडे डोळे लावून राहिलो. बी.ए. झालेला, इंग्रजी मसुदे लिहिणारा मी, मनातल्या मनात म्हणत होतो, वळ बाबा, उजवीकडे वळ. थंडी वाढली. सायकली विरळ झाल्या. शेवटी गाडी आली. पुढे मोटारसायकल, मागे काळी गाडी, तिच्या नाकावर लहानसं निशाण. पोलिसाने शिटी फुंकली आणि हात आडवा करून आम्हाला मागे सारलं. गाडी उतार उतरली, चौकात आली आणि न वळता सरळ राजपथाने इंडिया गेटकडे निघून गेली.

आबा गाडी दिसेनाशी होईपर्यंत तिकडे पाहत राहिले.

"सरळ ग... गेली," ते म्हणाले.

मी म्हटलं, आबा, दुसरी येईल. आपण थांबू.

"कौल दोनदा ल... लावा नये." त्यांनी चपला घातल्या. आम्ही परत निघालो. गोल मार्केटपाशी आल्यावर ते थांबून म्हणाले, "डावी दिल्यान असती तरी च... चलला असता रे. पन तेणां ऐकाकच नाय."

नारळ त्यांनी तिथेच ठेवला. देवापुढे ठेवलेला परत नेत नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी सायकलवरून जाताना मी पाहिलं, झाडूवाल्यांनी फरसबंदी स्वच्छ केली होती. तो चौक मी पुढे तीस वर्षं ओलांडला, पण खिळा असल्याचं ते बरं वाटणं काही परत आलं नाही.

आबा गावी गेले. त्या वर्षीच्या जत्रेला ते नेहमीसारखे घरोघर जाऊन आले, प्रत्येकाचं ऐकून आले. देवळात उभे राहिले. सगळं गाव मागे हात जोडून. "बा द... द..." म्हणाले आणि अडले. पुन्हा सुरुवात केली, पुन्हा तिथेच. आई सांगत होती, देवळात एवढी शांतता झाली की समईचं तेल चरचरलेलं ऐकू येत होतं. लोकांच्या ओठांवर 'व्हय म्हाराजा' तयार होतं, पण व्हय म्हणायचं कशाला? आबांनी कमरेचं उपरणं सोडलं, ते पुतण्याच्या, सखारामच्या खांद्यावर ठेवलं आणि खाली उतरून बाहेर गेले. त्यानंतर ते देवळात कधी पुढे उभे राहिले नाहीत. लोक म्हणत, वय झालं. वय झालं नव्हतं. एकवेळ देव कोपला तर माणूस तगतो. ज्याच्यासमोर आयुष्यभर बोललो तोही असाच सरळ निघून जात असेल, अशी शंका एकदा आली की जीभ उचलत नाही. मला तरी त्यांचं असंच झालं असं वाटतं. त्यांनी मला तसं सांगितलं नाही. सांगायला शब्द कुठे होते?

एकसष्टच्या डिसेंबरात गोवा मुक्त झाला. आमच्या कचेरीत पेढे वाटले. मी पेढा हातात घेऊन बसलो. तिकडे गावात ढोल वाजले आणि लोक हद्द ओलांडून मोकळेपणाने पणजीपर्यंत फिरून आले. आबाही गेले, सुलूवहिनीला बरोबर घेऊन. किल्ल्यातल्या कोठड्या, इस्पितळं, मिशनरी लोकांच्या धर्मशाळा, जिथे जिथे माणूस ठेवलेला असू शकतो तिथे तिथे दोघं गेली. बोलायचं काम सुलूवहिनीचं. आबा मागे उभे. सगळीकडे दारं उघडी होती आणि आत कोणी नव्हतं. एका ओढ्याकाठच्या वाडीत म्हातारीने सांगितलं, त्या पावसात पाण्याने पुष्कळ काय काय नेलं. सुलूवहिनी म्हणाली, "मामंजी, घरा चला." आबा म्हणाले, "अ... अजून..." पण अजून काय, ते त्यांनाही ठाऊक नव्हतं.

घरी आल्यावरही सकाळी आरशापुढे तिचा हात थांबत राहिला. तिने ठरवून टाकावं असं सगळ्यांना वाटे, पण आबा जिवंत होते. तिने कुंकू पुसलं असतं तर आबांचा मुलगा मेला असता. आबांनी तिला पूस म्हटलं असतं तर तिचा नवरा मेला असता. दोघं एकाच घरात, एकमेकांसाठी, अशी वर्षानुवर्षं जगली. मी सुटीत जायचो तेव्हा त्या ओटीवर बसवत नसे. सुलूवहिनी गात नव्हती. आबा माझ्याकडे पाहून मान हलवायचे, चहा प्यायला खूण करायचे, आणि दिल्लीचं कधी काही विचारत नसत.

सहासष्टच्या उन्हाळ्यात मी गावी होतो तेव्हा आबा गेले. सकाळी विहिरीवर गेले, तिथेच बसले आणि गेले. दुपारपर्यंत पुढच्या अंगणात, खळ्यात, माणसं जमली. तिरडी बांधून झाली. विस्तवाचं मडकं तयार झालं आणि प्रश्न उभा राहिला की ते धरायचं कोणी. धरायचं मुलाने. मुलगा नसेल तर पुतण्याने. पण मुलगा नाही हे म्हणायचं कोणी? सखाराम मडक्यापासून दूर जाऊन उभा राहिला. "मी धरलंय तर दिगूक मी मारल्यासारखो होतला," तो म्हणाला. मोठी माणसं जमिनीकडे बघत राहिली. ऊन चढलं. भटजी घाई करत नव्हते, तरी सारखे वर बघत होते.

माजघरातून सुलूवहिनी बाहेर आली. खळ्यात पुरुष असताना बायका अशा वेळी पुढे येत नाहीत. ती आली, मडकं उचललं आणि सखारामच्या हातात दिलं. "धर," ती म्हणाली. "मामंजीनी खूप वाट बघली. आता तेंका उशीर करू नको." आणि आत गेली. आम्ही तिरडी उचलली.

स्मशानातून परतलो तेव्हा ती मागच्या पडवीत बसली होती. कपाळ धुतलेलं. हात मोकळे. विहिरीच्या दगडावर बांगड्या फोडताना तिला कोणी अडवलं नाही आणि कोणी मदतही केली नाही, असं आई म्हणाली. भटजी दारात आले. आबांचं सुतक किती दिवस आणि दहावं कधी ते सांगू लागले. सुलूवहिनी मान वर न करता म्हणाली, "दोगांचा धरा."

कोणालाही वाईट वाटू नये अशा बेताने भटजींनी विचारलं, "दिगंबराची तिथी कुठली धरायची, सुलोचनाबाई?"

"आजचीच धरा," ती म्हणाली. "दुसरो दिस माका कोणी सांगूकच नाय."